गाभ्यातलं घर

प्रिय पाखरी,

तू फोन उचलत नाहीस, म्हणून हे पत्र. माझं अक्षर तुला लागत नाही हे मला ठाऊक आहे, पण या वेळी लावून घे. चष्मा शोध, खुर्चीत नीट बस आणि मधेच उठून चहा टाकायला जाऊ नकोस. मी वैतागलेली आहे. सुरुवातीलाच सांगून टाकते, म्हणजे ही आज गोड का बोलत नाहीये असा विचार तुला करत बसायला नको.

आधी घरचं. नवरोबा शाळेच्या छपराच्या कामात अडकलेत. सगळ्या वस्तीची दारं-खिडक्या नीट बसवणारा हा सुतार, पण आमच्या स्वयंपाकघराचं दार अजून जमिनीला घासतं. मी बोलले की म्हणतात, "चोर आला तर आवाज होईल." लेक खालच्या गावातल्या दवाखान्यात नर्स म्हणून कायम झाली. आता घरात सगळ्यांचा रक्तदाब मोजत फिरते, आणि माझा मोजला की माझ्याकडे अशी बघते जणू मी तो मुद्दाम वाढवलाय. मामांना ऐकू येणं जवळजवळ बंद झालंय, पण त्यांना जे ऐकायचं असतं ते बरोबर ऐकू येतं. माझ्या आधी तेच वस्तीचे प्रमुख होते, तेव्हा ऐकायचं काय आणि सोडायचं काय ही कला अंगात मुरलेली आहे. मला काही ती साधली नाही. नळाला पाणी आलं नाही की माझं दार, नवराबायकोचं बिनसलं की माझं दार, आणि हल्ली शहरात कोणाला "आदिवासी आणि पर्यावरण" असा विषय मिळाला की माझा फोन.

मागे राजधानीत मला पुरस्कार दिला ना, त्याचं तुला सांगायचं राहूनच गेलं. तू येणार होतीस. आयत्या वेळी मीटिंग आहे म्हणालीस. कसली मीटिंग, ते मी तेव्हा विचारलं नाही. तिथे एक चुणचुणीत मुलगी माझ्या दिमतीला दिली होती. ती मला म्हणाली, "मॅडम, तुम्ही पारंपरिक वेशात आला असता तर फोटो छान आले असते. पिसं वगैरे असतात का तुमच्यात?" मी म्हटलं, "असतात ना, उशीत." तिला काही कळलं नाही. माझा स्वेटर बघून बिचारी इतकी हिरमुसली की मलाच वाईट वाटलं. स्टेजवर मागे आपल्या डोंगराचा भलामोठा फोटो लावला होता. धुकं, झाडी, सगळं देखणं. मी बघत राहिले, काहीतरी चुकल्यासारखं वाटत होतं. मग लक्षात आलं. डावीकडे खाली आमची छपरं दिसायला हवी होती, आणि तिथे नुसती झाडं होती. मी त्या मुलीला विचारलं, "इथली घरं कुठे गेली?" ती म्हणाली, "ते पत्रे डोळ्यांना जरा खुपत होते मॅडम, डिझायनरने काढून टाकले." इतकं सहज. आणि मी त्या फोटोपुढे उभी राहून, आपल्या लोकांच्या हक्कासाठी लढल्याबद्दल मानचिन्ह घेतलं. तेव्हा मला हसू आलं होतं. परतीच्या प्रवासात नवरोबांना रंगवून रंगवून सांगितलं.

आता हसू येत नाही. वनखात्याचा नवा अधिकारी येऊन गेला. मुलगा नम्र आहे, आणि खरा वैताग तोच आहे. जुना अधिकारी शिव्या द्यायचा, त्याच्याशी भांडायला सोपं होतं. हा प्रत्येक वाक्याला "ताई" लावतो, मग आवाज चढवायचा कसा? येताना त्याने माझ्यासाठी भेट काय आणावी? रोपटं. प्लास्टिकच्या कुंडीत. जंगलात राहणाऱ्या बाईला झाड. त्यातून ते आपल्याकडचं नव्हेच, कुठल्याशा रोपवाटिकेतलं शोभेचं. मी ते दोन्ही हातांनी घेतलं आणि फोटोही काढू दिला, सांग आता.

शाळेच्या खोलीत त्याने भिंतीवर चादर लावून नकाशा दाखवला. सगळी वस्ती जमली होती, तान्ही पोरंसुद्धा. तो म्हणाला, "ताईंनी आणि तुम्ही सगळ्यांनी खाण रद्द करून घेतली, डोंगर वाचवला. आता सरकार हा डोंगर कायमचा सुरक्षित करणार आहे. अभयारण्य." लोकांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या, खोटं कशाला बोलू. मग त्याने नकाशावर दोन रेषा दाखवल्या. हिरव्या रेषेच्या आत सांभाळून वागायचं. लाल रेषेच्या आत गाभा. गाभ्यात घर नको, गुरं नकोत, कंद खणायचे नाहीत, मध काढायचा नाही. नवरोबा उठून उभे राहिले आणि त्यांनी विचारलं, "साहेब, ही शाळा कुठे येते?" तो म्हणाला, "गाभ्यात." "म्हणजे मी जिचं छप्पर घालतोय तीच ना?" "हो काका." "मग पन्हळ बसवू की नको?" कोणी हसलं नाही, म्हणजे बघ. मग अधिकाऱ्याने पुढचं चित्र लावलं. खाली हमरस्त्याला लागून एका रांगेत घरं, सगळी सारखी, दारावर नंबर टाकलेले. म्हणाला, ही तुमची.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. खाणवाले आम्हाला डोंगर फोडायचाय म्हणून उठवत होते. हे डोंगर वाचवायचाय म्हणून उठवतायत. एवढी वर्षं रस्त्यावर बसून, कोर्टाच्या पायऱ्या झिजवून आम्ही मिळवलं काय, तर उठण्याचं जरा बरं कारण! मी विचारलं, "ही लाल रेषा कोणी मारली?" तो म्हणाला, "तज्ज्ञ समितीने." "समितीवर प्रमुख कोण?" त्याने तुझं नाव घेतलं. आणि वर मला म्हणतो, "तुम्ही ओळखत असाल त्यांना, ताई."

ओळखत असाल म्हणे! तू पहिल्यांदा दुर्बिणीचं तिकाटणं खांद्यावर टाकून वर आलीस तेव्हा आम्हाला वाटलं, खाणीची मोजणी करणारी बाई आली. मी ते तिकाटणं हिसकावून घरात नेऊन ठेवलं, आणि तू आमच्या उंबऱ्यावर बसून राहिलीस. हलेचना. शेवटी मामांनी विचारलं, "बाई, तू मोजतेस तरी काय?" तू म्हणालीस, "पाखरं." मामा इतके हसले, इतके हसले की त्यांना ठसका लागला, आणि तुझं नाव पाखरी पडलं ते पडलंच. पुढे खाणीचा खटला उभा राहिला. आम्ही माणसं नेली, तू पाखरू नेलंस. ते मातकट रंगाचं, चिमूटभर, वरच्या उतारावरच्या कपारींत घरटं करणारं आणि दुसरीकडे कुठेही न सापडणारं. कोर्टाने आमचं ऐकून घेतलं आणि स्थगिती दिली ती तुझ्या पाखरामुळे. मी तेव्हाही चिडले होते. म्हटलं, एवढी हाडामासाची माणसं यांना दिसत नाहीत आणि पाखरू दिसतं? तू म्हणालीस, "काहीतरी दिसलं ना? एकदा दार उघडू दे, मग आपण सगळेच आत घुसू." मला ते पटलं होतं. तुझं बहुतेक सगळं मला पटायचंच.

रस्ता अडवला त्या वेळी पोलिसांनी ओढताना तुझ्या खांद्याचं हाड मोडलं आणि तू आमच्याकडेच राहिलीस. नवरोबा तुला भरवायचे आणि तू लाजायचीस. माझी लेक तुझ्या मांडीवर बसून शिट्ट्या मारायला शिकली, कुठलं पाखरू कसं बोलतं ते. तुझी आई गेली तेव्हा मी तुझ्या त्या उंच इमारतीत येऊन राहिले. लिफ्टमध्ये मी पाऊल ठेवायचे नाही, भाजी आणायलासुद्धा जिन्याने जायचे, आणि तुझा वॉचमन मला कामवाली समजून मागच्या दाराने जायला सांगायचा. तू त्याच्यावर अशी काही कडाडलीस की तो पुढे मला सलाम ठोकायला लागला. आईच्या जाण्यानंतर तुझ्या तोंडून पहिल्यांदा आवाज फुटला तो त्या भांडणात. मला बरं वाटलं होतं.

हे सगळं असं असताना मी भर सभेत त्या अधिकाऱ्याला म्हटलं, "त्याच नावाची दुसरी कोणी असेल." सगळी वस्ती माझ्याकडे बघत होती. मी तुझी बाजू घेत होते, पाखरी. लाल रेषा माझ्या चुलीवरून गेली होती आणि मी तुझी बाजू घेत होते.

त्या संध्याकाळी तू फोन उचललास, तो शेवटचा. मला वाटलं तू म्हणशील, अगं, काहीतरी गफलत आहे, बघते मी. तू म्हणालीस, "मला वाटलं होतं, तू तरी समजून घेशील." मग तू घरट्यांचं सांगितलंस. खाण गेल्यापासून घरटी कमी झाली आहेत, वरच्या उतारावर तर फारच. डोंगर गाजला, फोटो छापून आले, आणि बघे लोक गाड्या काढून यायला लागले. आमच्याच पोरांनी त्यांना कपारींपर्यंत नेलं, चार पैसे मिळतात म्हणून. हे खरं आहे. मी फोनवरही नाकारलं नाही आणि आताही नाकारत नाही. पण वस्तीच्या सभेने वरची वाट विणीच्या काळात बंद केली, तेही खरं आहे ना? दोघा पोरांनी ती बंदी मोडली तेव्हा त्यांना आम्ही उन्हात बांध घालायला लावलं. त्यातला एक माझा सख्खा पुतण्या. जाऊबाई अजून माझ्याशी बोलत नाहीत. एवढं मी सांगितल्यावर तू काय म्हणालीस आठवतं? म्हणालीस, "तुझ्यावर माझा विश्वास आहे गं. पण तुझ्यानंतर?"

हे वाक्य माझ्या डोक्यातून जात नाही. भांडी घासताना, सभेत, दवाखान्याच्या रांगेत, सारखं तेच. माझ्यानंतर! माझ्याआधी कोण होतं, याचा विचार केलास का? मामा होते, त्यांच्याआधी त्यांची आत्या होती. ते पाखरू तू मोजायला येण्याआधी त्यांच्या देखत जगतच होतं ना? आम्ही देवमाणसं आहोत असं मी म्हणत नाही. आमच्यातही लबाड आहेत, आळशी आहेत, झाड तोडून विकणारा एक माझ्या घरापासून हाकेच्या अंतरावर राहतो आणि त्याच्याशी भांडून भांडून माझा घसा बसलाय. पण मग तुझ्या समितीनंतर कोण, हे का नाही विचारलंस? या नम्र मुलाची बदली झाली की त्याच्या खुर्चीत कोण येईल? वस्ती उठल्यावर खाणवाले परत आले, तर रस्त्यात आडवं पडायला कोण असेल? पाखरं?

बरं, आमच्यात तरी एकमत असावं, तर तेही नाही. परवाच्या सभेत मामा उठले आणि म्हणाले, "मला खालचं घर पाहिजे." मी त्यांच्या कानाशी जाऊन ओरडले, "मामा, अहो, आपण नाही म्हणतोय!" ते म्हणाले, "तू नाही म्हण. माझे गुडघे हो म्हणतायत. तिथे संडास घरात आहे." तिकडे लेक तोंडात ओढणी कोंबून हसत होती आणि मी प्रमुख म्हणून गंभीर चेहरा करून उभी. पण त्यांचं काय चुकलं? ज्याला खाली जायचं त्याने जावं, मी स्वतः त्यांचं सामान उचलीन. जायचं की राहायचं, हे आम्हाला विचारा एवढंच माझं मागणं आहे. आजवर त्याहून मोठं असं मी काय मागितलं, सांग.

मग वकील आला. तोच आपला, खाणीच्या खटल्यातला, अजूनही टाय सैल करून बसणारा. त्याने एक युक्ती काढली. म्हणाला, "अभयारण्याच्या सुनावणीत एवढंच सांगा, की या बाई तुमच्या घरी वर्षानुवर्षं राहिल्या, जेवल्या. आता तुमचं बिनसलंय, म्हणून त्यांनी राग काढला. अहवाल निःपक्षपाती नाही असं ठरलं की रेषा पुसली जाईल." सभेतली पोरं टेबल बडवायला लागली. मी म्हटलं, "आणि मग खाणवाले उद्या म्हणतील, त्या आधीही त्यांच्याच घरी जेवत होत्या, म्हणजे पाखरूही खोटं. तेव्हा काय करणार?" वकील डोकं खाजवायला लागला. ते कारण खरंच आहे, पण मी ते सभेपुढे ठेवलं कारण सभेला ते कळतं. मला स्वतःला एवढंच वाटत होतं की तू रागाने काही केलेलं नाहीस. तू मनापासून, रडून, झोप घालवून ती रेषा मारली असशील. म्हणूनच तर माझा इतका संताप होतो. लबाड माणसाशी भांडायला मी शिकलेय. तुझ्याशी कसं भांडायचं हे मला कोणी शिकवलेलं नाही.

लेकीचं सांगणार नव्हते, पण सांगते. ती तुला आता मावशी म्हणत नाही. "त्या बाईंचा फोन आला का?" असं विचारते. मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा हातातलं काम टाकून तिच्यावर ओरडले. ती शांतपणे म्हणाली, "तू तरी सभेत त्यांना माझी मावशी म्हणून दाखव." तुझ्या प्रश्नाचं उत्तर आमच्या घरातच उभं आहे, माझ्यानंतर कोण ते. सभेत तिचा आवाज माझ्यापेक्षा ठाम लागतो आणि तिला राग लवकर येत नाही. पण आला की जात नाही, हे लक्षात ठेव.

तर आता कशासाठी लिहिलं ते. वस्तीवरच्या सुनावणीला तू समितीतर्फे येणार, हे अधिकाऱ्याने कळवलंय. मी वस्तीतर्फे बोलणार आहे, तुझ्याविरुद्ध, आणि ते तू माझ्याच तोंडून आधी ऐकावंस. मी सांगणार आहे की पाखरं कमी झाली हे तुझं म्हणणं खरं आहे, त्यातलं एक अक्षर खोटं नाही, आणि तुझी रेषा साफ चुकली आहे. मला सांभाळून घेऊन बोलू नकोस, मीही घेणार नाही. पण दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची आहे. परवाच्या सभेत ठराव झाला की तुला वर येऊ द्यायचं नाही. पोरं वळणावर रस्ता अडवणार आहेत, आणि त्यांची डोकी फार तापलीयत. ठराव मी स्वतः वाचून दाखवला, प्रमुख आहे, दाखवावाच लागला. त्यात तुला आणणाऱ्या, वनखात्याच्या विश्रामगृहाच्या गाडीचा नंबरसुद्धा आहे. म्हणून तू त्या गाडीने येऊ नकोस. साध्या बसने ये आणि खालच्या दवाखान्यापाशी उतर. लेकीची पाळी असेल. ती बोलणार नाही कदाचित, पण बसायला खुर्ची देईल. मी खाली येते. माझ्या बाजूने चालत वर आलीस तर तुझ्या अंगाला कोणी हात लावणार नाही. लावला तर आधी मला लावावा लागेल, आणि तेवढी छाती अजून इथे कोणाची नाही. राहायचं आमच्याकडेच, त्यात चर्चा नाही. चढ मोठा आहे आणि दोघींनाही आता धाप लागते, तेव्हा थांबत थांबत येऊ, आणि वाटेत तुला जे काही मला ऐकवायचंय ते सगळं ऐकव. फक्त गप्प राहू नकोस, बये. बाकी सगळं मला सोसेल.

तुझीच,
विरोधी पक्ष